धुतलेल्या काचा

१७ मार्च १९३०

अमेरिकेत नवा ग्रह सापडला! वर्तमानपत्रात जेमतेम चार ओळी. पण अण्णासाहेब टोकेकर सकाळपासून असे फणफणताहेत, जणू त्यांच्याच परसातली पपई कुणी तोडून नेली! रिटायर्ड इंजिनियर, गंगापूर रस्त्यावर बंगला, गच्चीवर दुर्बीण, दुर्बिणीला कॅमेरा. इतकी वर्षं झाली, एक धूमकेतूसुद्धा नाही.

“जाधव, आपल्याला मोठा ग्रह नको. एखादा लघुग्रह पुरे. मंगळ-गुरूच्या मधे हजारो धोंडे फिरताहेत, त्यातला एक आपला!”

धोंडा शोधायचा मी. ‘आपला’ म्हणायचं त्यांनी. सापडला तर दक्षिणेतल्या सरकारी वेधशाळेत माझी शिफारस करणार आहेत. तेवढ्यासाठी दोन वर्षं ह्या माणसाच्या विनोदांना हसतोय.

१९ मार्च

माझा कप व्हरांड्यातल्या कोनाड्यात पालथा असतो. चहा झाला की मीच विसळायचा. मातोश्रींचा, म्हणजे अण्णासाहेबांच्या आईचा नियम. अण्णासाहेब ओशाळून म्हणतात, “म्हातारं माणूस! मनावर घेऊ नका. मी स्वतः जातपात मानत नाही.”

हा कोनाडा मराठ्याचा. महाराला काय मिळतं, ते मला शिकवायला नको. जाधव म्हणजे मराठा, असं त्यांनी पहिल्याच दिवशी धरून टाकलं. त्यांनी विचारलं नाही, मी सांगितलं नाही. गणितात बी. ए. केलंय, लोकांची चुकीची गृहीतकं दुरुस्त करत फिरायचा मक्ता घेतलेला नाही.

तिकडे राममंदिराच्या चारी दारांशी आमचे लोक सत्याग्रहाला बसलेत. दरवाजे महिनाभर उघडणार नाहीत असं दिसतं. मी त्या बाजूला फिरकत नाही. मला दुसरं काही बघायचंय.

२४ मार्च

सापडला! सापडला! सापडला!

परवाची काच आज भिंगाखाली घेतली. काच म्हणजे फोटोची प्लेट — तासभर आकाशाकडे उघडी ठेवायची. तारे ठिपके होऊन बसतात. जो हलला त्याची बारीक रेघ उमटते. सिंह राशीत एक रेघ. तांदळाच्या कणीएवढी! सगळ्या याद्या धुंडाळल्या, तिथे कुणीच असायला नको.

अण्णासाहेबांनी मला मिठी मारली. मग घाईघाईने सोडली.

वेगवेगळ्या तीन रात्रींच्या तीन काचा लागतात. तीन जागा कळल्या की कक्षा मांडता येते, कक्षा मांडली की धोंडा आपला — कुठेही जाऊ दे. दोन काचांवर तो हरवतो. मोजमाप तिन्ही जमल्यावर एकदमच करायचं, अशी अण्णासाहेबांची शिस्त. मी म्हटलं, एकेक मोजत जाऊ. “घाई अप्रबुद्ध माणसं करतात, जाधव.” बरं बाबा!

२५ मार्च

दुसरी काच झाली. रेघ सरकली आहे. खरा आहे!

आता एकच. परवा-तेरवा आकाश मोकळं मिळू दे. त्यानंतर जग बुडालं तरी चालेल.

२७ मार्च

बाबा आला. आत्ताच यायचं होतं!

हजार वेळा सांगितलंय, बंगल्यावर येऊ नकोस. नांदगावहून गाडीत बसून, विचारत विचारत आला असणार. मी दुपारी फाटकाशी बहिरू गड्याला पाणी भरायला सांगत होतो. मागून पाऊल वाजलं. बाबा! तोंडभर हसू, ‘सावळ्या’ म्हणणार एवढ्यात मी डोळे वटारले. त्याच क्षणी अण्णासाहेब व्हरांड्यात आले, मागे मातोश्री.

बाबानं माझ्याकडे पाहिलं. मग कमरेत वाकला, हात जमिनीला लावला. “जोहार मायबाप!”

झालं! जोहार घातला की जात सांगितलीच. म्हाताऱ्याची सवय काही सुटत नाही.

“कोण हा, जाधव?”

“आमच्या गावच्या वेशीवरचा येसकर,” मी म्हटलं. आवाज हललासुद्धा नाही. मग आणखी पक्कं करायला, “काय रे पुंजा, इकडं कुठं?”

बापाला नावानं, अरेतुरे! जीभ झडली नाही.

“काय नाय धनी,” बाबा म्हणाला. “तुमच्या आईनं भाकर धाडलीया. तिळाची चटनी हाय.”

गाठोडं पुढे केलं आणि मी हातातून घेतलं. तिथेच चुकलो! खाली ठेवायला सांगायला हवं होतं. पण त्या हातातून मी जन्मभर घेतच आलोय, हात आपोआप पुढे गेला. मातोश्रींनी पाहिलं.

बाबा वळून गेला. मी तसाच माडीवर जाऊन काचा कपाटात नीट लावल्या. भाकरी खाल्ली. छान होती. कुणाच्या बापाचं काही गेलं नाही — माझ्याही नाही. चार दिवसांत वेधशाळा, मग गावी जाऊन पाय धरीन. तो समजून घेईल. त्याला दुसरं येतंय काय!

२८ मार्च

काचा धुतल्या.

लिहितो, म्हणजे उद्या मला स्वप्न वाटणार नाही. मी दुपारी बंगल्यावर गेलो. गच्चीच्या जिन्यात दोन्ही काचा उन्हात उभ्या केलेल्या. लख्ख! खिडकीला बसवाव्यात अशा. आरपार परसातलं लिंबाचं झाड दिसत होतं. पाटीत राख, तांब्यात गोमूत्र, नारळाची शेंडी. बहिरू उकिडवा बसून हात पुसत होता.

“आईसाहेब बोलल्या, जाधवमास्तरनं महाराच्या हातचं गाठुडं घेतलं आन् त्याच हातानं काचांना शिवला. म्हनून घासून घेतल्या. लय मळ निघाला, मास्तर!”

मळ! सिंह रास होती ती.

मातोश्री आतूनच म्हणाल्या, “काच शुद्ध होते, म्हणून घासली. मातीचं भांडं असतं तर फोडावंच लागलं असतं.” उपकारच!

मी हसलो. खरंच हसलो, मोठ्यानं. बहिरू घाबरून उठला.

२९ मार्च

अण्णासाहेबांपुढे उभा राहिलो. वाटलं होतं, आईवर नाही तर निदान भिंतीवर तरी ओरडतील. वर्तमानपत्राची घडी घातली. पुन्हा घातली.

“मातोश्रींना काय ठाऊक! त्यांचं काही चुकलं नाही. चुकलं तुमचं. त्या महाराकडून हातात गाठोडं घ्यायची गरज काय होती? तुम्ही शिकलेले!”

“आपण जातपात मानत नाही ना?”

“मी नाही मानत. पण घरात आई आहे.”

दुर्बीण आकाशाकडे, शेपूट आईच्या हातात. असली माणसं आम्हाला विश्व उघडून दाखवणार!

ढग आलेत. आले काय, गेले काय. उरलेल्या दिवसांत तीन काचा होत नाहीत. पुढे चांदणं, मग तो फिका होत सूर्याच्या उजेडात जाणार. असा कुठेतरी फिरत राहील आणि कुणालाही कळणार नाही की तो मला सापडला होता.

३१ मार्च

पाडवा. घरोघर गुढ्या.

अण्णासाहेबांनी बोलावून घेतलं. शिफारस लिहायला तयार आहेत. फक्त मातोश्रींचा हट्ट — बंगल्यात पुन्हा पाऊल टाकायचं तर पंचगव्य घ्यायचं. “औषध समजा,” म्हणाले.

महाराला शिवल्याचं प्रायश्चित्त. म्हणजे माझ्या बापाला. म्हणजे मी मला!

सांगून टाकावं असं क्षणभर आलं होतं ओठांवर. म्हातारी जागच्या जागी मेली असती. अण्णासाहेबांना अख्खा बंगला राखेनं घासावा लागला असता! मजा आली असती. पण वेधशाळा गेली असती.

घेतलं. पळीभर. खारट, आंबूस, मध्येच गोड. गिळलं.

२ एप्रिल

शिफारस हातात. “वर्तन नम्र, हस्ताक्षर सुवाच्य, वरिष्ठांच्या धार्मिक भावनांचा आदर राखतात.” धोंड्याबद्दल अवाक्षर नाही.

तरी पाठवली. लाज कसली? लाजेला वेधशाळेत जागा नसते, माणसाला असते.

९ एप्रिल

आज मंदिरातून रामाचा रथ निघायचा होता. दगडफेक झाली. गोदेकाठी पळापळ, लाठ्या. मी खोलीत कडी लावून बसलो होतो. तिन्हीसांजेला केरू आला, आमच्या आळीतला, सदरा फाटलेला.

“सावळ्या, तुझ्या बाच्या डोक्यात धोंडा बसला. मरत नाय, पर लई रगत गेलं. येतूस का न्हाय?”

“बाबा? तो इथे कशाला?”

“म्हंजी? म्हैना झाला की आमच्या तुकडीत बसतुया! तुला भाकर द्यायला तिथूनच आलता ना!”

मला कुणी सांगितलं नव्हतं. मी विचारलंही नव्हतं. चिडून बोललो — सत्याग्रहाला बसतो आणि बंगल्यावर येऊन जोहार घालतो, कसला हा सत्याग्रही!

केरू माझ्याकडे बघतच राहिला. “पुंजाबाबा? जोहार? वेडा झाला का तू? दोन वरसं झाली त्यानं जोहार सोडल्याला. पाटलानं बलुतं बंद केलं, वाट अडवली, तरी वाकला नाय गडी. त्यो कुनालाबी जोहार घालीत नाय!”

१० एप्रिल

गेलो. सत्याग्रहींच्या तंबूत निजला होता, डोक्याला फडकं. पाय धरायला वाकलो, तर त्यानं पाय आखडून घेतले. कसंबसं विचारलं, “बा, तू तर सोडला होतास. मग त्या टोकेकराला जोहार का घातलास?”

“त्याला कुठं घातला, धनी?” बाबा म्हणाला. “तुमाला घातला.”