बटन दाबलं की मी मंडपात

१४ मे २००५
पुन्हा अश्फाकच. आईचा फोन म्हंजे अश्फाकनं हे केलं, अश्फाक ते करून राह्यला. आठवीत दोघंबी सोबतच फेल झालो. त्याच्या बापाचा फोटो स्टुडिओ, म्हणून तो गोंडपिपरीत कॉम्प्युटरवर बसला. मी इथी राजस्थानात मोबाईलचे टॉवर उभे करून राह्यलो. उन्हात वर चढतो मी, अन् गावात हुशार तो!

१९ मे
शालूच्या लग्नाचे फोटो पोस्टानं आले. ठेकेदारानं सुट्टी देल्ली नाई, म्हणून सख्ख्या बहिणीच्या लग्नाले मी नव्हतो. अन् फोटोत आहे! मंडपात नवरदेवाचा कान पिळून राह्यलो. अश्फाकचं कॉम्प्युटरवरचं मिक्सिंग. तोंड लावलं ते मी कामावर येताना त्यानंच काढलेल्या पासपोर्ट फोटोतलं. कान पिळतो अन् चेहरा असा, जसा मयतीले आलो.
सोबतचा गणेश म्हणे, "अबे देवा, तू तर तवा इथीच टॉवरले लटकून होता ना?" पोट्टे लय हासले.

२२ मे
बूथवरून त्याले फोन.
"कान कोनं पिळला बे?"
"मीच. भाऊ नाई म्हणून शालू रडाले लागली. मंग तुह्या आईनंच सांगतलं, फोटोत माह्या पोराले उभा कर म्हणे."
कान पिळल्याचा शर्टपीस कोनाले भेटला, विचारलं नाई. घातलाबी असन शिवून.

३ जून
आईनं नवीनच सांगतलं. नागपूरच्या आर्ट कॉलेजातली एक मॅडम स्टुडिओत आली. गावातले जे जे बाहेर कामाले गेले, त्यायले अश्फाकनं घरच्यांच्या फोटोत बसवून ठेवलं. मॅडम म्हणे, ही कला आहे. तिनं नागपुरात प्रदर्शनाले हॉल घेतला, कॉम्प्युटर मांडला. बटन दाबलं की मी मंडपात, पुन्हा दाबलं की गायब. लोक दाबून दाबून पाहून राह्यले. पेपरात नाव आलं. त्याचं.
तोंड माहं ना?

११ जून
सुट्टी भेटली एकदाची! आईले सांगतलं, येतो.
"काऊन खर्च करतं बाबू? पोळ्याले ये. फोटोत तर तू आहेच."
अश्फाकचा राग होताच, आता त्या फोटोतल्या देवाचा, म्हंजे माहाच, जास्त येते. तो घरी आहे. भिंतीवर. त्याले सुट्टी मांगा लागत नाई, अन् मले...

१२ जून
शालूच्या सासरी फोन लावला. "दादा, अश्फाकनं असा कान पिळला, हे ओरडलेच! मी रडता रडता हासली." सांगतानाबी हासली. मंग म्हणे, "पण फोटोत तूच आहे हो, मी साऱ्यायले तेच सांगतो."
ते हासणं त्याचं. कितीबी मिक्सिंग केलं तरी मले नाई भेटत ते. दिवसभर डोक्यात तेच. जेवलो नाई.

१५ जून
तिकीट काढलं नाई अजून. अश्फाकले फोन केला.
"मंडपातून मले काढ. तुहं तोंड लाव, जसं होतं तसं."
"येडा झाला का बे? तुह्या आईले काय सांगू?"
"तिले मी सांगतो. तू तसा नवीन फोटो काढ मोठा. अन् फुकटात नको."
"दोस्ताचे पैसे घेऊ?"
"घे. तुह्या उपकारातला फोटो माह्या घरी नाई पाह्यजे."
तिकिटाच्या पैशातूनच मनीऑर्डर केली. कुपनावर लिवलं, आईले दाखवाच्या आधी मले बूथवर फोन कर.
रुपये दोनशे पन्नास.