आधी गाडी, मग भाषण

३ फेब्रुवारी, मंगळवार
शाळेत अर्धी रजा टाकून ताईला घेऊन पुन्हा सरकारी दवाखान्यात. पिंपळगाव राजाहून ती सकाळच्या एसटीने आली, खामगावपर्यंत उभ्याने. हृदयाची झडप निकामी झालेली बाई, उभ्याने. जिन्याच्या अर्ध्यावर बसली. म्हणाली, "तू हो पुढं, मी येतो."

मोफत ऑपरेशनच्या योजनेच्या टेबलावर तोच समाजसेवा अधीक्षक. त्याचं नाव लिहून वही खराब करणार नाही. 'अ.' पुरे.

मंजुरीचं विचारलं. चहा ढवळत म्हणाला, "आली न सर. कवाचीच आली."

मग नागपूरला पाठवा.

"असं कसं? पंधरा मार्चले नानासाहेबाचा वाढदिवस. हृदयाचे सगळे पेशंट एकाच गाडीत जातीन. हार, फोटो, झेंडा. तोवर थांबा."

आम्ही आमच्या एसटीने गेलो तर?

"जा न. कोनी धरलं? पण कागद इथून साहेबाच्या सहीनं, गठ्ठ्यानं जातात. एकटा कागद निघत नाही."

त्याने काही लपवलंही नाही. लपवलं असतं तर त्याला निदान लाज आहे असं समजलो असतो.

डॉक्टर मॅडम दारात हळूच म्हणाल्या, उशीर करू नका. मॅडम, हे मला सांगता?

५ फेब्रुवारी
डोक्यातून जात नाही. दवाखाना सरकारचा, पैसा सरकारचा, नागपूरची खाट योजनेची. त्यात या पुढाऱ्याचं, नानासाहेबाचं काय? भाड्याची गाडी आणि तिच्यावरचा फोटो. तेवढ्यासाठी महिनाभर माणसं बाकावर.

ताईचं केशरी कार्ड वेगळं, घर वेगळं, विमा कसलाच नाही. माझ्या नोकरीच्या वैद्यकीय बिलात ती बसत नाही. नवरा गेल्यापासून अर्ध्या एकरात वांगी-मेथी काढते आणि बाजारात स्वतः बसते. आयुष्यात कोणाकडे हात पसरला नाही. आता हार घालून घ्यायचा.

९ फेब्रुवारी, सोमवार
शुक्रवारी बुलढाण्याला जिल्हा कार्यालयात जाऊन तक्रार दिली होती. मोठे साहेब चांगलं बोलले. आज अ.चा फोन. "सर, तुमची तक्रार आली. उत्तर मलेच द्या लागते." आवाजात हसू.

ज्याची तक्रार, तोच उत्तर देणार. सभेत हे सांगितलं असतं तर टाळ्या पडल्या असत्या. टाळ्यांनी झडप बदलत नाही.

१२ फेब्रुवारी
ताईची तपासणी. बाकावर तिच्याशेजारी नेहमीचे रहीमभाई. बाजारपेठेत शिवणकाम करतात. त्यांचीही झडप, त्यांचीही मंजुरी आलेली, तेही पंधरा मार्चचे. सोबत बायको जमीलाबी, मांडीवर डबा.

रहीमभाई ताईला म्हणाले, "बाई, पहले नाना का केक कटेगा. फिर अपन कटेंगे."

ताई इतकी हसली की खोकला लागला. मला हसता आलं नाही. रहीमभाईंनी माझ्या शर्टाची कॉलर चिमटीत धरून पाहिली. "सर, ये किसने सिया? स्टेजपर ऐसी कॉलर डालके बोलते? उतार के दो, मैं ठीक करता." उद्या देईन म्हणालो.

२० फेब्रुवारी, शुक्रवार
रहीमभाई गेले. सकाळी दुकानाचं शटर वर करताना.

कब्रस्तानात गेलो होतो. माती दिली. अ. आला नव्हता, नानासाहेबाचं कोणी आलं नव्हतं. यायला त्यांना कळलं तर पाहिजे.

मंजूर झालेला माणूस. मंजूर होऊन मेलेला माणूस. यापेक्षा वाईट शिवी मराठीत मला येत नाही, आणि मला बऱ्याच येतात.

शर्ट द्यायचा राहिला.

२१ फेब्रुवारी
मी हे सोडणार नाही. तारखेसह लिहून ठेवतो, म्हणजे राग थंड झाला तर वाचता येईल.

२७ फेब्रुवारी, शुक्रवार
बबनराव घरी आले. नानासाहेबाच्या कार्यक्रमांचे मांडव, माईक, जेवण, सगळं यांच्याकडे. पेढे घेऊन. "सर, यंदा मुख्य वक्ते तुम्ही. नानानं सोताहून नाव घेतलं. म्हने, मास्तर बोलला का मांडव हालते."

मी हो म्हणालो.

सुनंदा चहाचा ट्रे घेऊन दारातच थांबली. ते गेल्यावर: "तुम्ही? त्यांच्या वाढदिवसाले?"

हाव, म्हटलं. मांडव हालवायचा आहे.

बायकोने पेढ्यांचा पुडा उचलला आणि शेजारच्या घरी देऊन आली.

१ मार्च, रविवार
पिंपळगाव राजा. ताई वाफ्याच्या बांधावर बसून मजूर बाईला ओरडत होती. उठता येत नाही, पण ओरडता येतं. तिला सगळं सांगितलं. वाटलं होतं शाबासकी मिळेल.

"तू भाषनात त्याले उघडं पाडशीन. मंग?"

मग काय?

"मंग गाडी जाईन का? तू मोकळा होशीन, टाळ्या घेऊन घरी जाशीन. मी कुठं जाऊ? याच वांग्यात?"

मी म्हटलं, रहीमभाईंचं काय? ते असेच गेले?

"रहीमभाईसाठी बोलून राह्यला का तुह्या रागासाठी, ते आधी ठरव."

घरात मला गप्प बसवणारी एवढी एकच. मग तिनेच मेथीच्या जुड्या बांधत सांगितलं, "लग्नात भांडन काढाचं असलं त कवा काढतेत? वऱ्हाड जेवल्यावर. पंगत उठल्यावर काय बी कर. आधी गाडी जाऊ दे."

पुस्तकं मी वाचली आणि डाव हिने सांगितला.

५ मार्च, गुरुवार
बबनरावांकडे. कार्यक्रमाचा क्रम विचारला: दीपप्रज्वलन, सत्कार, केक, मुख्य भाषण, नानांचं मनोगत, शेवटी झेंडा दाखवून गाडी.

म्हटलं, बबनराव, मार्चचं ऊन. हृदयाचे पेशंट. मनोगत तास दीड तास चालणार. मांडवात एखादी बाई भोवळ येऊन पडली तर लोक मोबाईल काढतील. नानांच्या भाषणाऐवजी तेच गावभर फिरेल.

ते घाबरले. खरंच घाबरले. "सर, हे कोनी सांगतलंच नाही. आधी गाडी काढू. मंग भाषन."

कपटाला इतकं गोड फळ येतं हे माहीत नव्हतं. वीस वर्षं उगाच तत्त्वांवर बोलत आलो.

८ मार्च, रविवार
जमीलाबींकडे. दुकानाचं शटर बंद, मागच्या खोलीत मशीन झाकलेली. म्हटलं, भाभी, सभेत रहीमभाईंबद्दल बोलायचं आहे. तुम्ही समोर बसाल?

त्यांनी मला पाणी दिलं. मग म्हणाल्या, "सर, वो मेरा आदमी था. तुम्हारा भाषण नहीं था."

उठून निघालो.

दारात त्यांनी हाक मारली. "बैठो. बोलना तो है. पर नाम पूरा लेना. शेख रहीम शेख करीम. दर्जी बोलना. बेचारा मत बोलना, गरीब मत बोलना. उन्होंने कभी किसी का कपड़ा बिगाड़ा नहीं, ये बोलना."

समोर बसणार का?

"देखूँगी."

११ मार्च
भाषण लिहितो आहे. 'बेचारा' काढला. 'गोरगरीब' काढला. 'निष्पाप बळी' तर आधी काढला. भाषण निम्म्यावर आलं. इतकी वर्षं मी नेमकं काय बोलत होतो?

१२ मार्च
शेवटची तपासणी. ताईचे पाय सुजलेत. बोट दाबलं की खळगा तसाच राहतो. डॉ. मॅडमनी गोळ्या वाढवून दिल्या, हेच वाईट.

अ.ला सहज विचारलं, रहीमभाईंच्या जागी दुसरं कोणी?

"नाही न सर. मंजुरी नावावर असते. बदलता येत नाही." मग, अगदी घरगुती काळजीने, "हार मात्र एक उगाच सांगून बसलो."

वाया जाऊ देऊ नका, म्हटलं. तो मला द्या.

"तुमाले कायले?"

वक्त्याचा सत्कार करत नाही का तुम्ही?

हसला. "ठेवतो न सर बाजूले."

१४ मार्च, शनिवार
दुपारी बबनरावांचा फोन. "सर, गडबड झाली. नाना नाही म्हने. म्हने, गाडी गेली का लोक उठून जातेत. झेंडा शेवटीच."

ऊन?

"मांडवात कुलर लावून राह्यलो."

ताईला फोन केला. ती म्हणाली, "मंग नको बोलू."

बोललो नाही तर पुढच्या वर्षी हाच वाढदिवस, हाच बाक. बोललो तर गाडी हलत नाही. एक माणूस मेलेला आहे आणि एक जिवंत आहे, आणि दोघांचं मिळून माझ्या हातात एकच भाषण.

नागपूरच्या मंजुरीची मुदत संपत आलीय. ती गेली की पुन्हा पहिल्यापासून. तेवढा वेळ ताईकडे नाही.

ताईला कबूल केलं. उद्या नानासाहेबाच्या दीर्घायुष्याबद्दल बोलेन. नीट बोलेन.

१५ मार्च, रविवार. दुपारी
क्रमाने लिहितो, नाहीतर सुटेल.

सकाळी मांडव भरलेला. स्टेजखाली पहिल्या रांगेत पेशंट, गळ्यात झेंडूचे हार. बाजूला गाडी, तिच्यावर नानासाहेब हात जोडलेले, गाडीएवढे. सत्कार सुरू झाले, संपेनात; मग केक. जमीलाबी मागे बाया उभ्या होत्या तिथे. बसल्या नाहीत.

बबनरावांनी माझं नाव पुकारलं. मी उठलो. खिशात दीर्घायुष्याचं भाषण.

तेवढ्यात ताई उठली. एक हात खुर्चीला, दुसरा छातीवर. आवाज बारीक, पण समोरची रांग गप्प झाली. "नानासाहेब, मले बसवत नाही. आमाले गाडीत बसू द्या. भाषन आमी नागपूरहून ऐकू."

लोक हसले. नानासाहेबही हसले. ताई खुर्चीची पाठ धरून खाली वाकली. तिच्या शेजारचा म्हातारा उठला, मग त्याच्या पलीकडची बाई. कोणी सांगितलं नाही, एकेक करून सगळे गाडीकडे चालू लागले. मोबाईल वर झाले. बबनरावांनी माझ्याकडे पाहिलं, त्यांना पाच मार्चची आठवण झाली असणार. धावत झेंडा आणून नानांच्या हातात दिला. नाना काय करतील? हलवला.

गाडी फाटकाबाहेर पडली, कागदांचा गठ्ठाही तिच्यात.

दम खरा होता की सोंग, मला अजून माहीत नाही. खिडकीतून तिने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

मग मी माईकपाशी गेलो. अ.ला म्हटलं, माझा हार द्या. त्याने हौसेने दिला. तो रिकाम्या झालेल्या पहिल्या खुर्चीवर ठेवला आणि सांगितलं, हा ज्यांच्यासाठी सांगितला होता त्यांचं नाव शेख रहीम शेख करीम. दर्जी. बाजारपेठेत दुकान. त्यांनी कधी कोणाचं कापड बिघडवलं नाही. त्यांच्या ऑपरेशनची मंजुरी आली होती. ते या वाढदिवसाची वाट पाहत होते. म्हणजे त्यांना पाहायला लावली होती.

कोणी लावली, तेही सांगितलं. हार सांगणाऱ्याचं पद सांगितलं. मग नानासाहेबाकडे वळून म्हणालो, आपल्याला दीर्घायुष्य लाभो. त्यातला महिनाभर आपण यांच्याकडून घेतलेला आहे.

माईक बंद झाला. माझा आवाज माईकवर कधी चालला? उरलेलं तसंच बोललो. बोलताना आनंद होत होता, हे खोटं लिहिणार नाही. अ. खाली पाहत होता. नानासाहेब रुमालाने मान पुसत होते, पुसतच होते. सूड गोड असतो. त्यात मला कसलीही लाज वाटली नाही, आत्ताही वाटत नाही.

टाळ्या पडल्या नाहीत. मागे पाहिलं तर जमीलाबी पुढे येत होत्या. खुर्चीवरचा हार त्यांनी उचलला, पदराखाली घेतला आणि निघून गेल्या.

घरी आलो. सुनंदाने वाढलं.

आत्ता ताईचा फोन. बाळापूरच्या पुढे धाब्यावर गाडी उभी आहे. ड्रायव्हरला नानासाहेबाच्या माणसाचा फोन आला, परत आणा म्हणून. तो बिचारा चहा घेत बसलाय, मालकाला विचारतो म्हणाला.

"तू बोललास न?"

हो.

"नाव पूरं घेतलं का त्याचं?"

पूर्ण घेतलं.

"मंग ठीक." दम लागला होता. मागे माणसं बोलत होती, कोणीतरी कोणाला तरी खाली बस म्हणत होतं. "इथं कोनी उतरून नाही राह्यलं. म्हातारा म्हनते, मले उचलूनच उतरवा लागन."

बबनरावांना चार वेळा लावला, उचलत नाहीत. डॉ. मॅडमना लावला. त्या म्हणाल्या, नागपूरला मी बोलते, पण पेशंट तिथे पोचायला हवा.

टॅक्सीवाल्याला बोलावलंय, गाडी वळली तर ताईला तिच्यातून पुढे नेईन. तो येईपर्यंत हे लिहितोय.

ताईला पुन्हा लावला. विचारलं, गाडीचं तोंड कुठं आहे?

"नागपूरकडंच," म्हणाली. "अजून."