गैरहजेरीचं कारण

प्रिय ढब्बू,

फोन तू उचलत नाहीस, म्हणून हे पत्र. माझं अक्षर ओळखून पाकीट न फोडताच ठेवून देशील, म्हणून पत्ता शेजारच्या वहिनींकडून लिहून घेतलाय. एवढी लबाडी माफ कर.

आपला घराचा दावा खारीज झाला. पुकारा झाला तेव्हा आपल्या बाजूने बाकावर कोणीच नव्हतं. वकीलसाहेब दुसऱ्या कोर्टात अडकलेले, ते धापा टाकत पोचेपर्यंत न्यायाधीशांनी पुढचं प्रकरण घेतलं होतं. आपला चुलतभाऊ मात्र कडक इस्त्रीच्या शर्टात हजर. आता घर त्याचं होणार आणि आई रस्त्यावर येणार. एवढी वर्षं कागद जमवले, साक्षीदारांच्या मिनतवाऱ्या केल्या, आणि घालवलं कशाने, तर हजर म्हणायला माणूस नव्हतं.

खरं सांगते, आधी तुझाच संशय आला. तू आईला तुझ्याकडे न्यायचं म्हणतोस, ती घर सोडायला तयार नाही, आणि मी तिची बाजू घेतली म्हणून तू बोलणं टाकलंस. वाटलं, मुद्दामच गेला नाहीस. भिंतीकडे बघून तोंडाला येईल ते बोलले तुला. मग वकिलांच्या कारकुनाने सांगितलं, दावा खारीज झाला त्याच संध्याकाळी तुझा फोन आला होता, ताईचं काम झालं का म्हणून.

तेव्हा सगळं उलगडलं. एका बाकावर बसायला लागू नये म्हणून आपण वकिलांमार्फत खेपा वाटून घेतल्या, एक तारीख तुझी, एक माझी. आधीच्या तारखेला मी गेले, तर न्यायाधीश रजेवर. दिवसभर ताटकळून पुढची तारीख घेऊन आले आणि माझी खेप झाली असं धरलं. तू धरलंस, कामच झालं नाही तर खेप कसली, पुढची तारीखही ताईचीच! लहानपणी पत्ते खेळतानाही तुझं हेच. पान चुकून उलटलं की तो डाव धरायचाच नाही. एक निरोप धाडला असता रे आपल्यापैकी कोणीही.

आईला अजून सांगितलेलं नाही. खिडकीशी मशीन लावून ती शेजाऱ्यांचे पडदे शिवतेय. मी कोर्टातून आले की दाव्याचं ती विचारतच नाही, ढब्बू भेटला का, एवढंच विचारते. काल चुलतभाऊ टेप घेऊन अंगण मोजून गेला. तिने त्याला पाणी नेऊन दिलं. मी मोरीत जाऊन रडले.

वकीलसाहेब म्हणतात, दावा पुन्हा चालवा असा अर्ज करता येतो, पण शुक्रवारच्या आत. दोघांच्या सह्या हव्यात, आणि गैरहजेरीचं सबळ कारण हवं. त्यांनी आजारपण लिहा म्हटलं, डॉक्टरचा दाखलाही मिळेल म्हणाले. मी नको म्हटलं. खरं तेच लिहून घेतलंय, की आम्ही भाऊबहीण एकमेकांशी बोलत नाही. खाली माझी सही केलीय, शेजारची जागा कोरी आहे. हात जोडते, ये. माझ्याशी बोलू नकोस हवं तर. पण त्या बाकावर माझ्या शेजारी येऊन बस.

तुझीच, अजूनही,
ताई