ठेवायची का विकायची?

प्रिय आई,

तुझ्याशी मी खोटं बोलले होते. आज सांगून टाकते, कारण आता ते लपवण्यात काही अर्थ उरला नाही.

बांड्या शेळीला झालेलं ते मादी करडू, ती मरतुकडी पाट आठवते? जन्मल्यावर उभीच राहीना, धरून पाजावी लागली, ती? तीन महिन्यांनी तू म्हणालीस, "येडशीच्या बाजारात नेऊन इकून ये तिला." संध्याकाळी मी नुसती दोरी घेऊन परत आले. आई, ती विकली नव्हती! सोनारीला धाकट्या मंदीकडं ठेवली होती. तुझ्या हातावर पैसे ठेवले तेही मंदीचेच. तू गेलीस, तुझं पुण्यानुमोदन झालं, आणि मग मी तिला परत घरी आणलं. आज सकाळी ती व्याली. दोन करडं झाली.

रागावलीस? रागाव. पण सगळं ऐकून घे.

तुझे ठोकताळे मला अजून तोंडपाठ आहेत. शेळ्यांच्या वाडग्याच्या दाराशी बसायचीस आणि एकेक पाट समोरून चालवायला लावायचीस. आधी पाय बघायचीस. मग विचारायचीस, हिची आई जुळी व्याली होती का? आणि सगळ्यात शेवटी, पहिल्या दिवशी स्वतःहून उठून आचळाला लागली होती का? ज्या पाटीला धरून पाजावं लागलं, तिचं नशीब तिथंच ठरायचं. "आज धरून पाजलं, उद्या बी धरूनच पाजावं लागंल. लई दिस ठिवू नगा." संपला विषय! शेळी घ्यायची म्हटलं की लोक तुला बोलवायला यायचे, आणि तूही चहा होईपर्यंत निकाल देऊन मोकळी व्हायचीस.

चारा तेवढाच होता, सगळ्या ठेवता येणार नव्हत्या. विचार करत बसायला तुला सवड तरी कुठं होती? तुझ्या त्या ठोकताळ्यांवर आपलं घर चाललं, आम्ही दोघी बहिणी वाढलो. हे मी तुला तोंडावर कधी बोलले नाही. ते फार चुकलं माझं.

मग त्या जनावरांच्या डॉक्टरीणबाई आल्या होत्या. अंगणात बसून त्यांनी तुझं सगळं वहीत उतरवून घेतलं, तेव्हा तू काय खूश होतीस! जाता जाता त्यांनी मला विचारलं, "आईंनी विकलेल्या पाटी पुढं कशा निघाल्या?"

मी म्हटलं, "आता ते कुणाला ठाव?"

त्या गेल्या, पण माझ्या डोक्यात किडा सोडून गेल्या. ठेवलेली शेळी चांगली निघाली की सगळे म्हणायचे, काय नजर आहे म्हातारीची! पण विकलेल्यांतली एखादी चांगली निघाली असेल, तर ती काय आपल्या दारात सांगायला येणार होती? तुला चूक म्हणू शकणाऱ्या सगळ्या शेळ्या तर आपण बाजारात सोडून आलो होतो.

हे तुला बोलून दाखवलं, तर केवढी भडकलीस! "मला शिकिवतीस व्हय? म्या जल्म घालवला ह्यात!" पुढं दोन दिवस तू माझ्या हातचा चहासुद्धा घेतला नाहीस. मग खोटं बोलण्यावाचून मला दुसरा रस्ता दिसला नाही.

आता दुसरी बाजूही सांगते, नाहीतर म्हणशील स्वतःच्या सोयीचं तेवढं सांगते. मंदीकडं तशा दोन पाटी ठेवल्या होत्या. दुसरी पावसाळ्यात खंगली आणि मेली. तू असतीस तर म्हणाली असतीस, "म्हणत हुते का न्हाय!" एक तुझ्या बाजूची निघाली, एक माझ्या. एवढ्यावरनं तुझा ठोकताळा खोटा ठरत नाही, इतकी अक्कल मला आहे. तो बहुतेक वेळा बरोबरच असेल. पण बहुतेक वेळा, एवढंच.

आणि आई, पत्र लिहायला बसले ते नुसत्या शेळीसाठी नाही.

माझी सुजू बारावीला फिजिक्समध्ये गेली. रिझल्ट लागला तेव्हा ती दाराशी उभी होती, आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "हिचं डोकं न्हाय त्यात." बोलले आणि चपापले. हे शब्द माझे नव्हतेच गं! मी सातवीला गणितात नापास झाले, तेव्हा ह्याच दारात तू बाबांना असंच म्हणाली होतीस. "संगीचं डोकं न्हाय त्यात. मंदीला शिकवू." माझं दप्तर मंदीला दिलंस आणि शेळ्यांची काठी माझ्या हातात.

मंदीच्या बाबतीत तू बरोबर निघालीस. ती अंगणवाडीत लागली, तिचं नाव झालं. पण माझं काय? माझ्यात काही होतं का नव्हतं, ते तुलाही कळलं नाही आणि मलाही. मला कुणी दुसऱ्यांदा तपासलंच नाही! ह्याचं मला वाईट वाटतं आई. अजून वाटतं.

सुजूनं त्या दिवसापासून पुस्तक उघडलं नव्हतं. पुरवणी परीक्षेचा फॉर्म भरायची उद्या शेवटची तारीख, तर म्हणते, "राहू दे आई, मी शेळ्या बघते."

आज सकाळी दोन करडांतलं एक लगेच उभं राहिलं. दुसरी पाट, अगदी तिच्या आईसारखी, पाय दुमडून पडून राहिली. सुजूनं तिला मांडीवर घेतलं, तोंड पुसलं, आचळाशी धरलं. पहिल्यांदा सुटली, दुसऱ्यांदाही सुटली. मग लागली, आणि शेपूट हलवायला लागली!

सुजूनं मान वर न करता विचारलं, "आता हिला ठेवायची का विकायची?"

मी म्हटलं, "ठेवायची. आणि तू उद्या फॉर्म भरायचास."

 दुपारी फिजिक्सचं पुस्तक तिच्या हातात दिसलं.

तुला शब्द देते. तुझे ठोकताळे मी मोडीत काढणार नाही. पण दर वर्षी तू विकली असतीस अशी एक तरी पाट ठेवीन, आणि पुढं तिचं काय झालं ते वहीत लिहीन, मग तू जिंकलीस तरी लिहीन. उद्या सकाळच्या एसटीनं सुजूला घेऊन धाराशिवला जाते. तिचा फॉर्म भरून झाला की बाहेरून दहावीला बसायला काय लागतं, तेही विचारून येणार आहे.

सुजूसाठी नाही गं. माझ्यासाठी.

तुझी,
सातवी नापास संगी