लोरेनचा प्रवेश

प्रिय लोरेन,

पाकिटावरचं माझं अक्षर पाहून तू पाकीट उघडायचं लांबवलं असशील. म्हणून आधीच सांगते, शिव्या द्यायला लिहीत नाही. द्यायच्या होत्या तेव्हा सुचल्या नाहीत, आणि आता सुचतात तर द्यायचा कंटाळा येतो. तू हल्ली राहतेस तो तुझ्या बहिणीचा व्हिटबीचा पत्ता मला अजून पाठ आहे. आपण दोघी तिच्याकडे गेलो होतो आणि धक्क्यावरचे मासे खाऊन दोन दिवस पोट धरून बसलो होतो, ते विसरण्यासारखं नाहीच.

कालव्याकाठच्या थिएटरात आपल्यावर नाटक बसतंय हे तुला ठाऊक आहे, कारण नाटक बसवणारी इमोजेन तुझ्याकडेही येऊन गेली. तुझा प्रवेश नाटकात ठेवायचा की काढायचा, हे शेवटी माझ्यावर येऊन पडलं. थिएटरनं स्फोटात गेलेल्या चौघांच्याही घरच्यांना शब्द दिला होता, की सगळ्यांचा होकार असल्याशिवाय ब्रॅडलीच्या आईचं, म्हणजे तुझं, एक वाक्यही रंगमंचावर येणार नाही. बाकीच्या तिन्ही घरांनी हो म्हटलं. उरले मी. काल मी त्यांना काय ते सांगून आले. काय सांगितलं ते लिहितेच, पण आधी बाकीचं ऐकून घे. घाईनं शेवटचं पान उलटायची तुझी खोड मला माहीत आहे.

इमोजेन पहिल्यांदा आली तेव्हा क्लाइव्हनं तिला दारातच विचारलं, की आता आमचं रडणं तिकीट लावून दाखवणार का. ती बिचारी लाल झाली, पण पायपुसण्यावरून हलली नाही. मग चहा घेताना तिनं समजावलं. म्हणे, आपल्या देशात असा घातपात झाला की काही थिएटरं जुन्या राजांची शोकांतिका काढतात आणि त्यांना आजच्या शिपायांचे कपडे चढवतात. काही जण मंत्र्यांच्या बैठकांवर नाटक लिहितात. ती यातलं काहीच करत नाही. ज्यांच्यावर गुदरलं त्यांचं बोलणं ती टेप करते आणि तेवढंच नाटकात घेते, पदरचा एक शब्द घालत नाही. नटाच्या कानात यंत्र असतं, त्यात आपला आवाज चालू असतो आणि नट त्याच्या मागोमाग बोलतो. खोकला, अडखळणं, नाक ओढणं, सगळं जसंच्या तसं. मला ते फार पटलं असं नाही. पण नाही म्हणायला जोर लागतो, तो नव्हता.

पोलीस दारात आले तो दिवस मी तिला सांगत होते, तेवढ्यात बटाट्यांचं पाणी उतू गेलं. मी म्हटलं, थांब हं, बटाटे, आणि उठले. तर ते बटाटेही नाटकात आहेत. माझं काम करणारी ज्युडिथ बरोब्बर तिथंच उठते. तालमीला बसलेले लोक आधी हसले आणि मग एकेकानं रुमाल काढले. मी आपली शेजारणीचं काहीतरी बघावं तशी बघत होते. ज्युडिथ माझ्यापेक्षा उंच आहे आणि कमरेत निम्मी आहे. क्लाइव्ह माझ्या कानात म्हणाला, ही बायको मला चालेल. दोन वर्षांत पहिल्यांदा तो काही थट्टेनं बोलला. मग तो उठून बाहेर गेला आणि तालीम संपेपर्यंत गाडीतच बसून राहिला.

नाटकात स्फोटाचा आवाज नाही. आवाज घेतलेला नाही, घाबरू नका, अशी पाटीच दारावर लावणार आहेत. मागे एक खोलीही ठेवली आहे. कुणाला सहन झालं नाही तर तिथं जाऊन बसायचं. आत एक समुपदेशक बाई, कागदी रुमालांचे खोके आणि चॉकलेटची बिस्किटं. सगळ्यांना वाटलं मला त्या खोलीची गरज लागेल, म्हणून मी गेले. बिस्किटं खाल्ली. ती बाई फार प्रेमानं विचारत होती आणि तिला द्यायला माझ्याकडे काही नव्हतं, याचंच वाईट वाटलं. तुला म्हणून सांगते, टॅम्सिनचं नाव घेतलं तरी मला काही होत नाही. तिची खोली झाडते, पडदे धुते, तिच्या वाढदिवसाला केकसुद्धा आणला. दात काढायच्या आधी डॉक्टर सुई देतात ना, तसं झालंय, फक्त सुई उतरतच नाही. गाल आपलाच असतो, पण हात लावला तर दुसऱ्या कुणाचा वाटतो.

शाळेच्या स्वयंपाकघरातलं मात्र सगळं लख्ख आठवतं. डोक्याला जाळ्या बांधून आपण दोघी खिडकीत उभ्या, आणि समोर पोरांची रांग. तू टॅम्सिनला कस्टर्डचा डाव जास्त वाढायचीस आणि मी ब्रॅडलीला, म्हणजे आपापल्या पोराचे लाड केल्याचं कुणी म्हणायला नको. पुढे तो खोलीचं दार लावून बसायला लागला, बाहेरून आलेल्या लोकांबद्दल काहीबाही बोलायला लागला. तू काळजीत असायचीस. आणि वाचनालयाच्या हॉलमध्ये माझी पोरगी त्याच लोकांना इंग्रजी शिकवत होती. हॉलमधल्या कोटांच्या खुंट्यांखाली त्यानं बॉम्बची पिशवी ठेवली, तेव्हा टॅम्सिन आत फळ्यापाशी उभी आहे हे त्याला माहीत होतं का, असं मला लोक विचारतात. मला माहीत नाही. आता त्यानं काही फरक पडतो असंही वाटत नाही.

पोलिसांनी तुला पिशवीच्या पट्ट्याचा तुकडा दाखवला, आणि ही माझीच शिवण आहे, हे तू स्वतः सांगितलंस. तू गप्प राहिली असतीस तर तो सापडायला किती दिवस गेले असते कुणास ठाऊक. पण गावानं तेवढं लक्षात ठेवलं नाही. तुझ्या दारावर रंगानं लिहिलेलं कुणीतरी खरवडून काढलंय, अक्षरं मात्र अजून वाचता येतात.

तर तुझा प्रवेश. इमोजेन म्हणाली, ठरवण्याआधी एकदा बघा. म्हणून शनिवारी गेले, क्लाइव्हला न सांगता. तुझं काम फिलिपा नावाची बाई करते. बाई गुणी आहे, त्यात वाद नाही. खुर्चीत मांडीवर हात ठेवून बसली होती. पट्ट्याची गोष्ट तिनं सांगितली, अगदी तुझ्यासारखं प्रत्येक वाक्याच्या शेवटी खाली उतरत. मग माझं नाव घेऊन ती म्हणाली, "गेनरला मला एकच गोष्ट सांगायचीय." आणि थांबली. थांबली ती थांबलीच. डोळे भरून आले, ओठ हलले, शब्द नाही. इमोजेननं डोळे पुसले आणि मला हळूच सांगितलं, की हेच नाटकाचं काळीज आहे. त्या आईकडे शब्दच उरलेले नाहीत, आणि लोक ही शांतता घेऊन घरी जातील.

मी म्हटलं, "लोरेन जन्मात कधी मांडीवर हात ठेवून बसलेली नाही."

मग मी ते यंत्र मागितलं. इमोजेनला अवघड वाटलं, पण तिनं मूळ टेप लावून दिली. दोन वर्षांनी तुझा आवाज कानात आला. मला वाटलं होतं राग येईल. आला नाही. तू म्हणालीस, गेनरला मला एकच गोष्ट सांगायचीय. मग खुर्ची सरकल्याचा आवाज, आणि मग नळ. नळ आणि कपबश्या. किती तरी वेळ. मग इमोजेनचा आवाज, आज इथंच थांबूया, आणि टेप बंद.

मी विचारलं, हा नळ कुठे गेला? तर तो स्वयंपाकघरातला गोंगाट समजून आवाजाच्या माणसानं दाबून टाकला होता, फिलिपाला शब्द नीट ऐकू यावेत म्हणून. माझे बटाटे ठेवले, कुणाचा ढेकर ठेवला, आणि तुझा नळ तेवढा काढला. त्यांना तरी काय बोल लावायचा. तुझ्या शेजारी शाळेच्या त्या मोरीपाशी ते कधी उभे राहिलेले नाहीत. तुझा नवरा सोडून गेला त्या सकाळी तू धुतलेल्या थाळ्यांची आख्खी चवड परत धुतलीस. काय झालं म्हणून मी विचारलं नाही. नळ बंद केलास आणि माझ्याकडे पाठ ठेवूनच सगळं सांगितलंस. तुझी आई गेली त्या वेळेलाही तसंच. तू जे काही बोलतेस ते नळ बंद झाल्यावर बोलतेस. मी इमोजेनला विचारलं, नंतर काही म्हणाली का ती? ती म्हणाली, मी कोट घालून निघाले तेव्हा त्या अजून भांडीच घासत होत्या.

काल मी थिएटरला नाही म्हणून सांगितलं. तुझा प्रवेश निघाला. इमोजेनचा चेहरा उतरला. तिला वाटलं माझ्या मनात अजून राग आहे. क्लाइव्हला वाटलं मी बरोब्बर केलं. बाकीच्यांना वाटेल, या बाईला क्षमा करता येत नाही. वाटू दे. क्षमा माझ्याकडे आहे की नाही हे मी अजून बघितलेलं नाही. पण रोज तीनशे माणसांसमोर दुसरीच कुणी बाई तुझ्या नावानं गप्प बसणार, तुला काय म्हणायचं होतं ते ती माणसं आपापल्या मनानं ठरवून घरी नेणार, आणि जिला सांगायचं होतं तिलाच ते कळणार नाही, हे मला नको. तू बुधवारी ये. क्लाइव्ह दुपारी त्याच्या क्लबात असतो, गल्लीतल्या लोकांचं मी बघून घेईन. हवी तेवढी भांडी घास, मी शेजारी उभी राहून पुसत राहीन आणि नळ बंद होईपर्यंत काही विचारणार नाही. ते ऐकून मला काही वाटेल, अशी खात्री देत नाही. पण ती गोष्ट माझ्यासाठी आहे, लोरेन, आणि मला ती तुझ्याच तोंडून ऐकायची आहे.

इतकं होऊनही, तुझीच
गेनर