पायाभरणीला यायचं राहिलं

बोरीवली,
३ फेब्रुवारी २०२५

चि. सौ. उत्तरा हिस,
अ. उ. आ.

फोनवर मला निम्मं ऐकू येत नाही आणि उरलेलं मी चुकीचं ऐकतो, असं सूनबाई अस्मिताचं म्हणणं. म्हणून पत्र.

आईने अभ्यासिकेसाठी मंडळाला दिलेली मुलुंडची जागा अजून रिकामीच आहे. वीस वर्षांत अभ्यासिका झाली नाही तर जागा आपल्या दोघांकडे परत, असं दानपत्रात स्पष्ट आहे. मुदत दिवाळीत संपली. या लोकांनी आईच्या दानाची माती केली. नोटीस सोबत आहे, सही कर. जवळच राहतेस, तर त्या सेक्रेटरीला चार शब्द सुनावूनही ये.

तुझ्या तिळाच्या वड्या संपल्या. डबा भरून परत येईल या आशेवर राहू नकोस.

लोभ आहेच, तो आटू देऊ नकोस.
तुझा,
शरच्चंद्रदादा


मुलुंड,
११ फेब्रुवारी

ती. स्व. दादास,
सा. न. वि. वि.

सुनावायला गेले आणि ऐकून आले. सेक्रेटरी विद्याधर भला माणूस आहे. त्यांनी फाइल पुढे ठेवली. पायाभरणी आपल्या दोघांच्या हातून व्हावी, अशीही आईची अट होती. मंडळ दर वर्षी तुझ्याकडे तारीख मागत होतं. तुझी अकरा उत्तरं आहेत तिथे. कधी अधिक महिना, कधी गुडघा, कधी तुझ्या श्रेयसची परीक्षा. श्रेयसला नोकरी लागल्यावरही त्याची परीक्षा चालूच होती! शेवटी त्यांनी विचारणं सोडलं.

खुशाल नोटीस द्या, आम्ही भांडणार नाही, असं विद्याधर म्हणाले. मला तिथे बसवेना. मी सही केलेली नाही. दादा, खरं काय ते लिही.

रागावलास तरी माया पातळ करू नकोस.
तुझी,
उत्तरा


बोरीवली,
१९ फेब्रुवारी

चि. सौ. उत्तरा हिस,
अ. उ. आ.

खरं लिहितो. पायाभरणीची पहिली पत्रिका आली, तिच्यात तुझं नाव वर आणि माझं खाली. मी थोरला! आणि मजकूर आईनेच लिहिलेला. मला झोंबलं. कंबर धरल्याचं कळवून मी आलो नाही. त्याच वर्षी आई गेली. मग कुठल्या तोंडाने यायचं म्हणून दर वर्षी नवं कारण. जागा परत आली की तो विषयच संपेल, म्हणून नोटिशीची घाई.

काल जागा बघून आलो. तिथे रिक्षा उभ्या असतात. एकीच्या मागच्या सीटवर एक मुलगी पुस्तक घेऊन बसली होती. इथे का बसतेस, म्हणून विचारलं. मला ऐकू आलं नाही, तेव्हा तिने ओरडून सांगितलं की घरी टेबल एकच आहे आणि दादाची दहावी आहे.

आपल्या घरीही टेबल एकच होतं आणि ते माझं होतं. तू मॅट्रिकचा अभ्यास जिन्यात बसून केलास. मी विसरलो, आई विसरली नव्हती. फार लाज वाटते गं.

मुदत वाढवून देण्याच्या कागदावर सही करून पाठवतो आहे. पायाभरणी तू एकटीच कर. मला बोलावू नकोस.

जमलं तर लोभ ठेव.
शरच्चंद्रदादा


मुलुंड,
२५ फेब्रुवारी

ती. स्व. दादास,
सा. न. वि. वि.

कागद पोचला. मीही सही केली.

लाज तुझ्या एकट्याच्या वाट्याची नाही. माझं नाव वर बघून मी मनातून सुखावले होते. तू का आला नाहीस हे तेव्हाच कळलं होतं. बोरीवलीला येऊन तुला हाताला धरून आणता आलं असतं. आले नाही. आपण होऊन तू यावंस, असं वाटत राहिलं, आणि त्यात वीस वर्षं गेली.

अट दोघांची आहे, तेव्हा तुझी सुटका नाही. रविवारी, २ मार्चला, सकाळी नऊला ये. नारळ तू फोड, कुदळ मी मारते. पत्रिका छापलेली नाही.

ती रिक्षातली मुलगी भेटली. दिशा तिचं नाव. तिची दहावी पुढच्या वर्षी आहे, तोवर अभ्यासिका होईल का, असं तिने विचारलं. विद्याधरांनी माझ्याकडे बोट दाखवलं, मी तुझं नाव सांगितलं. रविवारी ती तुला विचारणार आहे. चांगलं मोठ्याने विचारते, तेव्हा ऐकू आलं नाही म्हणू नकोस.

माया होती तशीच आहे, तूही राहू दे.
तुझी,
उत्तरा