ट्रंक कॉलवर उतरवलेला गेम

१५ सप्टेंबर १९८६, सोमवार

आजपासून रोजनिशी. कारण उघड आहे. टेलिफोनवरून कॉम्प्युटर गेम उतरवून घेणारा नागपुरातला पहिला माणूस कोण, असं उद्या कोणी विचारलं तर लेखी पुरावा हवा. ऑफिसातल्या लोकांच्या साक्षीचा उपयोग नाही. परवा साहेबांनी मला विचारलं, तुमच्या कॉम्प्युटरला रोज पाणी किती लागतं. कूलर समजले होते.

परिस्थिती अशी. माझ्याकडे होम कॉम्प्युटर आहे. टीव्हीला जोडायचा. गेम कॅसेटवर असतो. टेपरेकॉर्डर लावला की चीं-चीं आवाज येतो, तो आवाज वायरीतून कॉम्प्युटरला ऐकवला की पाच मिनिटांत पडद्यावर गेम. प्रेमिलाला हे तीन वेळा समजावलं. ती म्हणाली, आवाजच ऐकवायचा तर मिक्सर लावून देते. लग्नाला एकोणीस वर्षं झाली.

तिचा भाऊ ओमप्रकाश मुंबईत गेमच्या कॅसेटी बनवणाऱ्या एका कंपनीत आहे. 'सिल्व्हर टनल' हा नवा गेम बाजारात येणार दिवाळीला, पण त्याच्या टेबलावर आजच आहे. कॅसेट बाहेर नेता येत नाही, फाटकावर पिशव्या तपासतात. पण ऑफिसच्या फोनवर कॅसेट वाजवली आणि मी इकडे आवाज रेकॉर्ड केला, तर कोण काय तपासणार? कल्पना माझी. ओमप्रकाशला कल्पना सुचेल, हा आरोप त्याच्यावर कोणी करणार नाही.

इतवारीतला ताराचंद रेडिओवाला गिऱ्हाइकांना सांगत फिरतो की नवा गेम गावात आधी त्याच्याकडे येणार. दसऱ्याला लोक सोनं द्यायला घरी येतात. त्याला मुद्दाम बोलावणार आणि त्याच्या डोळ्यांदेखत लावणार.

संकल्प : अडाणी लोकांवर चिडायचं नाही.

१७ सप्टेंबर

आमच्या घरांच्या ओळीत फोन एकच, शेजारच्या वामनरावांकडे. अर्ज केला तेव्हा नोकरीत होते, फोन आला तेव्हा पेन्शनीत. त्यावर क्रोशाचा रुमाल, रुमालावर प्लास्टिकचा गुलाब.

त्यांची मुलगी कौशल्या भिलाईला दिली आहे. तिचे दिवस भरत आलेत. पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं, पण डॉक्टरांनी प्रवासाला मनाई केली म्हणून सासरीच. निरोप आला की आईने निघायचं, असं ठरलंय. म्हणून वच्छलाबाई दिवसभर फोनसमोर तांदूळ निवडत बसतात. तांदूळ कुही गावचा, घरच्या शेतातला, त्यात खडा नावालाही नाही. तरी निवडतात. वेळेचा असा नाश मला बघवत नाही.

वामनरावांना सांगितलं, मुंबईहून ऑफिसच्या कामाचे फोन येतील. "घ्या ना भाऊ, फोन कायच्यासाठी हाये?" म्हणाले. सज्जन माणूस. डोक्याला ताण दिलेला नाही, म्हणून तब्येतही चांगली.

२० सप्टेंबर, सायंकाळी

पहिला प्रयत्न. मुंबईचा ट्रंक कॉल आल्याबरोबर वामनरावांनी अंगणातून मला जोरात हाक मारली. इथेच घोळ झाला. ट्रंक कॉल म्हणजे कोणीतरी गेलं, ही आपल्या लोकांची पक्की समजूत. दोन मिनिटांत खोलीत चौदा माणसं, बायकांचे पदर तोंडाला. मी रिसीव्हरवर टेपरेकॉर्डरचा माइक धरला. चीं-चीं सुरू. वच्छलाबाई म्हणाल्या, "कोन रडून राहिलं वं बाई एवढं?" त्याबरोबर मागे एक बाई खरोखर रडायला लागली. कोणासाठी, ते तिलाही सांगता आलं नाही.

गेम साडेचार मिनिटांचा. बरोबर तीन मिनिटांनी ऑपरेटरबाई मध्ये : "तीन मिनिट हो गये, और बढ़ाना है क्या?" घरी येऊन लावला. पडद्यावर : टेप लोडिंग एरर.

दोष ऑपरेटरचा, गर्दीचा आणि ओमप्रकाशचा. योजनेत खोट नाही.

२१ सप्टेंबर

ओमप्रकाशला पत्र. सहा मिनिटांचा कॉल आधीच सांगून बुक कर. हेही मीच सांगायचं.

प्रेमिला म्हणते, कौशल्याच्या फोनच्या दिवसांत लाईन अडवून ठेवू नका. सहा मिनिटांत कोणी जन्माला येत नाही, असं तिला सांगितलं. ती उठून भांडी घासायला गेली.

२६ सप्टेंबर

दुसरा प्रयत्न. गर्दी नाही, कारण कोणीही गेलेलं नाही असं मी दुपारीच ओळीत जाहीर केलं होतं. तरी दोघेजण खात्री करायला आले. अडीच मिनिटं सुरेख गेली. मग एक्स्चेंजमधल्या बाईंना वाटलं लाईन खराब झाली, किंचाळते आहे. त्यांनी कॉल तोडला आणि तक्रारही स्वतःच नोंदवून टाकली. सरकारी खातं जन्मात एकदा तत्परता दाखवणार, ती माझ्या नशिबी.

२७ सप्टेंबर

लाइनमन नत्थूजी न बोलावता हजर. वामनरावांना आधी खरंच वाटेना. नत्थूजीने फोन उघडला, आत फुंकर मारली, "यंत्रच बिघडलं हाये, नेऊन पाहा लागन," म्हणाला आणि पिशवीत टाकला. वच्छलाबाई त्याच्या मागे फाटकापर्यंत गेल्या. "अन् माह्या पोरीचा फोन आला तं?" तो म्हणाला, चार-पाच दिवस दम धरा.

माझ्या जिभेवर आलं होतं की यंत्रात काही बिघाड नाही. पण मग चीं-चीं म्हणजे काय, इथपासून सांगावं लागलं असतं. लोकांना तांत्रिक बाबी कळत नाहीत.

रिकामा रुमाल आणि गुलाब तिथेच. बाई त्याच्यापुढे तांदूळ घेऊन बसलेल्या. सवय, दुसरं काय.

२ ऑक्टोबर

फोन परत आला. वच्छलाबाईंनी त्याच्यापुढे नारळ फोडला. नत्थूजीला चहा आणि चिवडा. मला खोबऱ्याचा एवढासा तुकडा, ज्याच्यामुळे हे सगळं घडलं त्याला.

४ ऑक्टोबर

ओमप्रकाशचं पत्र. मालकाला संशय आलाय, म्हणून सोमवारी सायंकाळी सहाला शेवटचा कॉल. अक्षर गिचमिड, पण मुद्दा कळला.

विचार केला. खरा शत्रू आवाज. वच्छलाबाईंचा कुकर, रस्त्यावरची भोंगेवाली मिरवणूक, वामनरावांचा खोकला. तो खोकला आजाराचा नाही, स्वभावाचा आहे. उपाय सापडला. रिसीव्हरला माइक बांधायचा आणि दोन्ही गाद्या-रजयांत गुंडाळून त्यांच्या लोखंडी पेटीत ठेवायचे. बाहेरचा आवाज आत नाही, आतला बाहेर नाही. घर मात्र रिकामं हवं.

६ ऑक्टोबर, सोमवार, सायंकाळी साडेसात

यश!

नवरात्र चालू आहे. वच्छलाबाईंना म्हटलं, देवीची ओटी भरून या, कौशल्यासाठी. त्या म्हणाल्या, "फोन सोडून कशी जाऊ भाऊजी? आता कवाही येऊ शकते." मी म्हटलं, मी बसतो ना फोनपाशी. वामनरावांचे डोळे भरून आले. "रुपराव, तुम्ही हाय म्हून बरं हाय गा." दोघं गेले. माणसं हलवणं ही एक कला आहे.

सहाला कॉल. माइक बांधला, तीन रजया, पेटीचं झाकण लावलं, वर स्वतः बसलो. सहा मिनिटं. पेटीतून टाचणीएवढाही आवाज नाही. उघडलं, ओमप्रकाशचा 'हॅलो, झालं का जिजाजी' ऐकला, फोन ठेवून दिला.

ती दोघं परतल्यावर बाईंनी दारातूनच विचारलं, आला होता काय? म्हटलं, कुठे काय, मी इथंच होतो. खरं तेच सांगितलं. प्रसादाचा पेढा मिळाला.

कॅसेट घरी लावून बघितली नाही, बघणारही नाही. ज्याचा स्वतःवर विश्वास नसतो तो चाचण्या घेतो.

८ ऑक्टोबर

भिलाईहून तार. कौशल्याचं सोमवारी रात्री ऑपरेशन झालं. मुलगा. दोघं सुखरूप. आनंदाची बातमी, पण त्या घरात रडारड. आपली पोरगी ऑपरेशनच्या टेबलावर होती आणि आपण इथे पोळ्या लाटत होतो, हे बाईंच्या मनातून जाईना. वामनराव वेगळ्याच मुद्द्यावर भडकले. घरात फोन असताना व्याह्यांनी दोन दिवसांनी तार करावी? "आईले हाक नाही मारली त्यायनं! त्यायच्या दारात पाय नाही ठेवत, बारशालेही नाही." बाईंनी भिलाईला न्यायला भरून ठेवलेली ट्रंक पुन्हा पलंगाखाली सरकवली.

मला वामनरावांचं पटलं. रीत ती रीत.

९ ऑक्टोबर

व्याह्यांना खरमरीत पत्र लिहायचं होतं. वामनरावांची भाषा तलाठ्याची, सातबाऱ्यावर चालेल. मजकूर मी सांगितला. 'आपण माणुसकीचा एक फोनही करू शकला नाहीत' हे वाक्य माझं. वामनरावांनी दोनदा वाचून घेतलं. बाई स्वयंपाकघरातून म्हणाल्या, "नका धाडू वो. माही पोरगी तिथंच राहाची हाये." बायकांचं मन असंच. पोस्टाच्या पेटीत पत्र मी स्वतः टाकलं.

प्रेमिलाने रात्रीच्या जेवणात मला विचारलं, सोमवारी तुम्ही फोनपाशी होता ना? होतो म्हटलं. ती बराच वेळ भातच कालवत बसली.

११ ऑक्टोबर

उद्याची तयारी. खुर्च्या ओळीतून गोळा केल्या. सर्वांत पुढची ताराचंदसाठी. भाषणाचे मुद्दे काढले. सुरुवात विनम्र ठेवायची, लोकांना तेवढंच झेपतं.

१२ ऑक्टोबर, दसरा

सकाळी प्रेमिलाने शस्त्रपूजेत विळी, कात्री आणि कॉम्प्युटर मांडला. हळदीकुंकू बटणांच्या फटीत. चिडलो नाही. संकल्प आहे.

संध्याकाळी वीस-बावीस माणसं. ताराचंद, ऑफिसातले दोघे. वामनराव आणि वच्छलाबाईही आले, सोनं घेऊन. बाईंचा चेहरा उतरलेला, पण सणाला शेजाऱ्यांकडे जायचं म्हणून आल्या. भाषण केलं. कॅसेट लावली. पडद्यावर निळ्या-पिवळ्या रेघा धावायला लागल्या आणि लोक खुर्च्या पुढे ओढू लागले. ते दोन-अडीच क्षण माझे होते.

मग : टेप लोडिंग एरर.

पुन्हा लावली. पुन्हा तेच. ताराचंद उठला. म्हणाला, "वायर काढा साहेब, कानानं ऐकू, बिगाड कुठे आहे ते." मी नको म्हणेपर्यंत त्याने पिन उपटली आणि आवाज मोठा केला.

चीं-चीं. मग चीं-चीं बारीक झालं आणि ऑपरेटरबाईंचा आवाज आला, स्वच्छ. "नागपूर पार्टी, भिलाई से लाइटनिंग कॉल है. बात कीजिए." आणि मग जावई. धापा टाकत होता. "आई? आई, मी बोलून राहिलो. कौशल्याले ऑपरेशनले नेऊन राहिले. ते तुम्हालेच हाक मारून राहिली. रात्रीच्या गाडीनं निघा. आई? कोनी हाये का तिकडे? हॅलो?" तो सात-आठ वेळा हॅलो म्हणाला. मग ऑपरेटरबाई : "पार्टी जवाब नहीं दे रही है." आणि पुन्हा चीं-चीं.

ताराचंदने टेप बंद केली. हसला नाही. हसला असता तर बरं झालं असतं.

वच्छलाबाई म्हणाल्या, "केला होता त्यायनं." एवढंच. वामनराव माझ्याकडे बघत होते. शिव्या दिल्या असत्या तर माझ्याकडे उत्तर होतं. लाइटनिंग कॉल सर्वांत तातडीचा, तो चालू कॉलच्या मध्येच घुसतो ही खात्याची पद्धत, पेटीचं लोखंड जाड, असे मुद्दे होते. त्यांनी विचारलंच नाही. हातातलं सोनं त्यांनी प्रेमिलाला दिलं आणि बाईंना घेऊन गेले.

१३ ऑक्टोबर

दोघं सकाळच्या गाडीने भिलाईला गेले. माझं पत्र त्यांच्या आधी पोचलेलं असेल. वामनरावांना तिथे सगळ्यांत आधी माफी मागावी लागणार, माझ्या वाक्याबद्दल. सुरेख वाक्य होतं. लाज वाटते आहे. हे कोणी वाचायचं नाही.

निघताना घराची किल्ली त्यांनी प्रेमिलाकडे दिली. मी समोरच उभा होतो. म्हणाले, "वहिनी, फोन वाजला तं तुम्हीच उचला."

सायंकाळी वाजला. मी उठलो आणि पुन्हा बसलो. प्रेमिला पळत गेली. भिंतीपलीकडून सगळं ऐकू येतं. ओमप्रकाशच होता. गेम नीट पोचला का, विचारत असावा. ती म्हणाली, पोचला, सगळ्यांनी ऐकला, आणि यापुढे तुझ्या जिजाजींना फोन करू नकोस.